दोनशे चाळीस दिवसांचा हिशेब

(द्वितीय वर्ष, कला)

वरळी, लोअर परळ, लालबाग या भागांत लग्नाची बोलणी सुरू झाली की मुलाच्या शिक्षणाआधी एक प्रश्न हमखास विचारला जात असे : "मुलगा पर्मनंट आहे ना?" हा इंग्रजी शब्द आमच्या चाळींत इतका रुळला आहे की, ज्या आज्यांना सही करता येत नाही त्याही तो बिनचूक उच्चारतात. या शब्दाच्या एका बाजूला पगारी रजा, बोनस, बढती आणि म्हातारपणची थोडीफार शाश्वती आहे. दुसऱ्या बाजूला 'बदली', 'टेंपररी', 'कॅज्युअल', 'रोजंदार' अशा नावांनी ओळखला जाणारा माणूस उभा आहे.

प्रस्तुत लेखात या दुसऱ्या बाजूच्या माणसाचा विचार करावयाचा आहे. त्याला कामावरून काढून टाकले तर कायदा त्याला परत कामावर घ्यावयास लावतो काय? मधल्या काळाचा पगार त्याला मिळतो काय? आणि कायद्यात तशी सोय असेल, तर इतक्या लोकांच्या पदरी ती का पडत नाही? मी कायद्याचा विद्यार्थी नाही. अर्थशास्त्राच्या तासाला श्रमाची मागणी आणि पुरवठा शिकताना हे प्रश्न मनात येत. क्रमिक पुस्तकात त्यांची उत्तरे नव्हती. म्हणून काही कायदे व निकाल वाचले, चाळीतल्या जाणत्या कामगारांना विचारले आणि जे समजले ते येथे मांडत आहे.

बदली म्हणजे कोण?

गिरणीत कायम कामगाराने खाडा केला तरी त्याचा साचा बंद ठेवून चालत नसे. म्हणून प्रत्येक पाळीच्या आधी फाटकाशी बदल्यांची रांग लागे. त्यांतून कोणाला आत घ्यावयाचे हे बराच काळ जॉबर ठरवीत असे आणि त्याची मर्जी राखण्यासाठी काय काय करावे लागे हे जुने लोक सांगतात. १९३५ साली गिरणीमालक संघाने बदली नियंत्रणाची पद्धत आणली. ठरावीक बदल्यांना कार्डे द्यावयाची व त्यांच्यातूनच माणसे घ्यावयाची, असा तिचा हेतू होता. तरी पुष्कळांची उमर बदलीतच गेली. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, तेव्हा पगारवाढीबरोबर बदली कामगारांना कायम करा ही मागणीही त्यात होती. माझे आजोबा त्या संपात होते आणि ते बदलीच होते.

आता वरळीतील सेंच्युरी, श्रीराम या गिरण्यांचे भोंगे वाजत नाहीत. त्या जागी उंच इमारती आहेत. पण त्या इमारतींत झाडलोट करणारे, माल चढवणारे, पहारा करणारे पुष्कळसे लोक पुन्हा 'टेंपररी'च आहेत. म्हणजे गिरणी गेली, बदली राहिली. म्हणून हा विषय केवळ इतिहासाचा नाही.

कायद्याने मात्र 'बदली' हे जन्माचे नाव मानलेले नाही. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये बदली कामगाराची व्याख्या देऊन पुढे म्हटले होते की, त्याच आस्थापनेत एक वर्षाची अखंड सेवा पूर्ण झाली की ले-ऑफच्या भरपाईपुरता तो बदली समजला जाणार नाही. आता प्रश्न उरतो तो एक वर्षाची अखंड सेवा म्हणजे काय, हा.

दोनशे चाळीसचे गणित

त्याच कायद्याच्या कलम २५ ख मध्ये याचे उत्तर होते. लगतच्या बारा महिन्यांत ज्याने २४० दिवस काम केले, त्याची सेवा एक वर्ष अखंड झाली असे मानावयाचे. मग मध्ये खंड पडलेला असो वा नसो. आणि अशा कामगाराला कमी करावयाचे तर कलम २५ च प्रमाणे एक महिन्याची नोटीस अथवा त्याऐवजी महिन्याचा पगार, तसेच सेवेच्या प्रत्येक पूर्ण वर्षामागे १५ दिवसांचा सरासरी पगार भरपाई म्हणून दिला पाहिजे.

आपल्याकडे 'सात महिन्यांची नोकरी' हा प्रकार का आला, हे या आकड्यावरून कळते. महिन्याचे २६ दिवस धरले तर सात महिन्यांच्या हजेऱ्या १८२ होतात. रविवार धरले तरी दिवस २१० च्या आसपासच राहतात. २४० ची वेस ओलांडण्याआधीच माणसाला 'ब्रेक' दिला जातो. परंतु येथे एक बाब लक्षात घेण्यासारखी आहे. सात महिने काम, एक महिना ब्रेक आणि पुन्हा चार महिने काम, असे कोणी केले असेल तर बारा महिन्यांत त्याचे अकरा महिने भरतात. म्हणजे २८६ हजेऱ्या झाल्या. असा ब्रेक कायद्यापुढे टिकत नाही. पुष्कळ कामगारांना हे ठाऊक नसते. ब्रेक दिला म्हणजे आपला हक्क पुसला गेला असे समजून ते गप्प बसतात.

दुसरी बाब रविवारची. २४० दिवस मोजताना ज्या साप्ताहिक सुट्टीचा व सणाच्या सुट्टीचा पगार मिळतो ते दिवसही धरावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली अमेरिकन एक्स्प्रेस बँकेच्या खटल्यात सांगितले. आठवड्याला सहा दिवस काम व सातवा पगारी, असा हिशेब केला तर सुमारे २०६ हजेऱ्यांत २४० दिवस भरतात. सुट्टीचा पगार मिळत होता की नाही, हा वाद मात्र प्रत्येक ठिकाणी होतो.

जे. जे. रुग्णालयातील दोन सेविका

नोटीस व भरपाई दिली नाही तर काय होते? याचे उत्तर आपल्या मुंबईतल्याच एका खटल्याने दिले आहे. भायखळ्याच्या जे. जे. रुग्णालय समूहातील दोन वॉर्ड-सेविकांना सरकारने कामावरून कमी केले. नागरी पुरवठा खात्यातून कमी झालेल्या माणसांना त्यांच्या जागी घ्यावयाचे होते. सेविकांना भरपाई दिली गेली नव्हती. त्यांच्या बाजूने हॉस्पिटल मजदूर सभा न्यायालयात गेली. मुंबई उच्च न्यायालयात एका न्यायमूर्तींनी अर्ज फेटाळला, पुढे खंडपीठाने तो मान्य केला आणि २९ जानेवारी १९६० रोजी सर्वोच्च न्यायालयाने खंडपीठाचा निर्णय कायम केला. हा निकाल न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी लिहिला. पुढे ते भारताचे सरन्यायाधीश झाले.

या निकालातले मुख्य तत्त्व असे : भरपाई ही कामावरून कमी करण्याची पूर्वअट आहे. आधी काढा आणि पैसे मागाहून बघू, असे चालणार नाही. अट पाळली नाही तर कामगार-कपातच निरर्थक ठरते. आणि कपात निरर्थक ठरली म्हणजे ती माणसे कामावर आहेतच, असा अर्थ होतो. कामावर परत घेण्याचा हक्क हा दयेतून आलेला नाही. तो या साध्या तर्कातून आलेला आहे.

मधल्या काळाच्या पगारालाही हाच तर्क लागू पडतो. हिंदुस्थान टिन वर्क्सच्या खटल्यात १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, काढणे बेकायदा ठरले तर पूर्ण मागील पगार देणे हा सर्वसाधारण नियम होय, आणि तो का देऊ नये हे मालकाने दाखवावे. त्या कारखान्याची अडचण पाहून तेथे ७५ टक्के देण्यात आले. पुढे २१ ऑगस्ट १९८४ पासून कायद्यात आणखी एक कलम लागू झाले. कामावर परत घेण्याच्या निवाड्याविरुद्ध मालक उच्च अथवा सर्वोच्च न्यायालयात गेला, तर तेथील निकाल लागेपर्यंत त्याने कामगाराला शेवटच्या पगाराइतकी रक्कम द्यावी. मात्र कामगार दुसरीकडे नोकरीला नसावा. अपील चालू आहे तोवर चूल बंद पडू नये, हा त्यामागचा विचार होता.

मस्टर कोणाच्या कपाटात?

येथपर्यंत वाचणाऱ्याला वाटेल की कायदा कामगाराच्या पाठीशी आहे, मग अडते कुठे? माझ्या मते तो अडतो हजेरीपटाशी.

२४० दिवस भरले हे कामगाराने सिद्ध करावयाचे असते. सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली कर्नाटकातील एका वन-कामगाराच्या खटल्यात स्पष्ट केले की, 'मी इतके दिवस काम केले' असे कामगाराचे स्वतःचे प्रतिज्ञापत्र पुरेसे नाही. हे वरवर योग्यच दिसते, कारण जो म्हणतो त्याने दाखवावे. पण रोजंदाराजवळ दाखवण्यासारखे असते काय? त्याला नेमणूकपत्र मिळत नाही. पगाराची पावती मिळत नाही. मस्टरवर तो सही किंवा अंगठा करतो आणि ते मस्टर साहेबांच्या कपाटात जाते. ज्याच्याविरुद्ध दावा, त्याच्याच कुलपात पुरावा, अशी ही स्थिती आहे.

२००५ साली सर्वोच्च न्यायालयानेच ही अडचण ओळखली. कर्नाटकातल्याच दुसऱ्या एका रोजंदाराच्या खटल्यात न्यायालयाने म्हटले की, अशा माणसाजवळ कागद नसणारच. त्याने मालकाला मस्टर व पगारपत्रक हजर करावयास सांगावे, आणि ते आणले नाही तर परिस्थिती पाहून मालकाविरुद्ध अनुमान काढता येईल. त्या कामगाराजवळ एका अधिकाऱ्याने दिलेला कामाचा दाखला होता, तो त्याच्या कामी आला. थोडक्यात, मस्टर आपल्या हाती नसले तरी ते मागण्याचा हक्क आपल्या हाती आहे. मात्र तो मागण्यासाठी सुरुवातीचा काहीतरी धागा पाहिजे.

नोकरीऐवजी रक्कम

१९८० पर्यंतचे निकाल आणि २००० नंतरचे निकाल एकापुढे एक ठेवले तर फरक जाणवतो. २००६ च्या सुमारास सर्वोच्च न्यायालय म्हणू लागले की पूर्ण मागील पगार आपोआप मिळणार नाही. १० एप्रिल २००६ रोजी उमादेवी खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ठरवले की, सरकारी खात्यात रीतसर भरतीवाचून लागलेल्या रोजंदाराला केवळ बरीच वर्षे झाली म्हणून कायम होण्याचा हक्क मिळत नाही. २००९ साली हरियाणातील बाजार मंडळाच्या एका रोजंदाराची कपात बेकायदा ठरली, पण त्याला नोकरीऐवजी ५०,००० रुपये मिळाले. २०१३ साली दूरसंचार खात्यातील एका रोजंदाराला याच रीतीने ३ लाख रुपये देण्यात आले. मात्र त्याच निकालात न्यायालयाने असेही सांगितले की, मागाहून आलेल्यांना ठेवून आधीच्याला काढले असेल, किंवा त्याच्या बरोबरीच्यांना कायम केले असेल, तर कामावर परत घेणे हाच नियम असावा.

दुसऱ्या बाजूचे म्हणणेही ऐकले पाहिजे. सरकारी नोकरी ही सर्वांची आहे. मागच्या दाराने आलेल्याला कायम केले तर जाहिरात पाहून अर्ज करणाऱ्या तरुणावर अन्याय होतो. आपल्या वर्गातील कितीतरी जण अशाच परीक्षांची तयारी करीत आहेत. तसेच दहा-बारा वर्षांनी माणूस परत आला तर ते काम, ते यंत्र, कधी कधी ती कंपनीही राहिलेली नसते. हे मुद्दे खोटे नाहीत. परंतु ज्या विलंबामुळे नोकरी परत देणे अशक्य होते, तो विलंब बहुधा रोजंदाराने केलेला नसतो. आणि विलंब झाला म्हणून नोकरीऐवजी रक्कम, असे ठरू लागले तर खटला लांबवणे हेच एका पक्षाच्या फायद्याचे होऊन बसते.

मी हे घरात पाहिले आहे. माझे बाबा एका आस्थापनेत सात वर्षे 'टेंपररी' मदतनीस होते. एके दिवशी त्यांना दुसऱ्या दिवसापासून येऊ नको असे सांगितले गेले. हातात काही कागद नव्हता. पगार हजेरीवर असल्याने आई कालनिर्णयवर दुधाच्या हिशेबाशेजारी त्यांच्या कामाच्या दिवसांवर खूण करीत असे. वकिलांनी ती चार वर्षांची कॅलेंडरे मागून घेतली आणि त्यांच्या आधाराने मस्टर हजर करण्याचा अर्ज दिला. तारखा पडत गेल्या. बाबा रात्री पहाऱ्याचे काम करू लागले, तर उलटतपासणीत त्यांना विचारले गेले, "तुम्हाला काम होते ना, मग मागील पगार कशाचा?" सहा वर्षांनी एकरकमी तडजोडीचा निरोप आला. बाबांचे म्हणणे होते, "मला पैसे नकोत, माझी जागा पाहिजे." आई म्हणाली, "अहो, पोरांच्या फिया जागेवर भरता येतात का?" त्यांनी सही केली. त्या रकमेतून माझी अकरावी-बारावी झाली. आईचे चुकले असे मला वाटत नाही. पण ती निवड खुशीची होती असेही मी म्हणणार नाही.

उलटतपासणीतल्या त्या प्रश्नाला चांगले उत्तर १२ ऑगस्ट २०१३ च्या एका निकालात आहे. औरंगाबादच्या एका शिक्षिकेला संस्थेने काढले होते. शाळा न्यायाधिकरणाने दिलेला पूर्ण मागील पगार उच्च न्यायालयाने रद्द केला होता, तो सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा मंजूर केला. न्यायालयाने म्हटले की, आपल्याला मधल्या काळात नोकरी नव्हती किंवा कमी पगाराची होती एवढे कामगाराने सांगावे. तो तितकीच कमाई करीत होता हे दाखवण्याची जबाबदारी मालकाची. पोटासाठी केलेली किरकोळ मजुरी आणि गेलेली नोकरी एकाच तागडीत घालता येत नाहीत, असे मी यावरून समजतो.

महाराष्ट्राची वेगळी वाट

आपल्या राज्यात १९७१ साली अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करणारा कायदा झाला. माणसांना वर्षानुवर्षे बदली, कॅज्युअल अथवा टेंपररी म्हणून ठेवणे व त्यांना कायम कामगारांचे हक्क मिळू न देण्याचा त्यामागे हेतू असणे, ही त्याने अनुचित प्रथा ठरवली. हेतू सिद्ध कसा करावयाचा? पुणे भागातील वन-कामगारांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, पाच-सहा वर्षे तसेच ठेवले यावरूनच हेतू दिसतो. हा निकाल १९९६ च्या कायदेपत्रिकांत छापला गेला. पुढे २००९ साली एस. टी. महामंडळातील सफाई कामगारांच्या खटल्यात असे ठरले की, उमादेवी निकालामुळे औद्योगिक न्यायालयाचा हा अधिकार गेलेला नाही.

मुंबईतील सर्वांत मोठे अलीकडचे उदाहरण कचरा कामगारांचे आहे. कचरा वाहतूक श्रमिक संघाने महानगरपालिकेकडे कंत्राटावर राबणाऱ्या सुमारे २,७०० कामगारांचा लढा चालवला. औद्योगिक न्यायाधिकरणाने २०१४ साली त्यांना कायम करण्याचा निवाडा दिला. उच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये आणि सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०१७ मध्ये तो उचलून धरला. एकट्या माणसाला वर्षानुवर्षे तारखांना जाणे परवडत नाही. संघटनेला परवडते, आणि एकाचा कागद दुसऱ्याला उपयोगी पडतो, हा या लढ्याचा धडा आहे.

आज काय करता येईल?

२१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता, २०२० लागू झाली आणि १९४७ च्या कायद्याची जागा तिने घेतली. २४० दिवसांचे गणित, महिन्याची नोटीस व वर्षामागे १५ दिवसांचा पगार या गोष्टी तिच्यातही आहेत. परंतु दोन फरक ध्यानात ठेवावेत. काढून टाकल्याविरुद्ध कामगाराने स्वतः अर्ज करण्याची मुदत पूर्वी तीन वर्षे होती, ती आता दोन वर्षे आहे. दुसरे, ठरावीक मुदतीच्या नेमणुकीला संहितेने मान्यता दिली असून, मुदत संपून नोकरी गेली तर ती कपात धरली जात नाही. तेव्हा कोणत्या कागदावर आपण सही करीत आहोत हे वाचणे पूर्वीपेक्षा अधिक गरजेचे झाले आहे.

ज्यांच्या घरी कोणी रोजंदार आहे अशा मित्रमैत्रिणींसाठी चार गोष्टी थोडक्यात लिहितो :

१) एका वहीत रोजची तारीख, पाळी, कामाची जागा व मुकादमाचे नाव लिहावे. ही वही एकटी पुरावा म्हणून पुरत नाही, पण मस्टर मागण्यास आधार देते.

२) गेटपास, ओळखपत्र, बँकेत जमा झालेला पगार, भविष्यनिर्वाह निधीचा व विमा योजनेचा क्रमांक, साहेबांचे निरोप, जे मिळेल ते जपून ठेवावे.

३) आपल्यानंतर कोण लागले व त्यांतले कोण टिकले, त्यांची नावे व तारखा नोंदवाव्यात.

४) काढल्यावर 'बोलावतील' या आशेवर मुदत घालवू नये. कामावर घ्यावे असे लेखी पत्र द्यावे, त्याची पोच घ्यावी आणि तडजोड अधिकाऱ्याकडे अर्ज करावा. दुसरी नोकरी मिळाली नसल्यास तसे अर्जात स्पष्ट लिहावे.

आपल्या महाविद्यालयात राष्ट्रीय सेवा योजनेचे पथक आहे. आपण रक्तदान शिबिरे घेतो, वृक्षारोपण करतो, ते चांगलेच आहे. त्याबरोबर बी. डी. डी. चाळींत व कोळीवाड्यात शनिवारी संध्याकाळी दोन तास बसून कामगारांच्या वह्या भरून देण्याचे काम हाती घ्यावे, अशी माझी सूचना आहे. त्यासाठी वकिली शिकावी लागत नाही, देवनागरी लिहिता येणे पुरे. आमच्या घराण्यात महाविद्यालयात आलेला मी पहिलाच आहे, आणि असे माझ्यासारखे या वर्गात पुष्कळ आहेत. आपल्या वडीलधाऱ्यांच्या हजेऱ्या आजवर दुसऱ्यांनी लिहिल्या. आता त्या लिहिणारी माणसे प्रत्येक घरात आहेत. प्राध्यापकांनी संमती दिली तर पुढच्या सत्रापासून सुरुवात करता येईल. नावे देऊ इच्छिणाऱ्यांनी मला द्वितीय वर्षाच्या वर्गात भेटावे.